ब्लीच केलेल्या केसांचं घरी टोनिंग: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ब्लीच धुतल्यावर आरशात पिवळे किंवा नारिंगी केस दिसले की घाईघाईने टोनर लावला जातो, आणि बहुतेक चुका या घाईतच होतात. टोनर चांगला की वाईट हे नंतरचं. आधी ब्लीचनंतर केसात नेमका कोणता रंग उरलाय ते नीट ओळखायला हवं. खालच्या बहुतेक उत्तरांचं मूळ तिथेच आहे.

१. टोनर नेमकं करतो काय? केस आणखी उजळ होतात का?

नाही. उजळवण्याचं काम ब्लीचचं. ब्लीच केसातलं मेलॅनिन (नैसर्गिक रंगद्रव्य) फोडतं. त्यातला काळा-तपकिरी भाग आधी जातो आणि तांबूस-पिवळा भाग चिवटपणे मागे राहतो. म्हणून काळे केस उजळताना लाल, नारिंगी, पिवळा, फिकट पिवळा अशाच क्रमाने जातात. पिवळट पडलेले पांढरे कपडे निळीच्या पाण्यातून काढतात, तेच तत्त्व इथे आहे: पिवळेपणा निघून जात नाही, त्यावर विरुद्ध रंगाची पातळ छटा बसते आणि डोळ्याला तो जाणवेनासा होतो. रंगात रंग मिसळल्यामुळे टोनिंगनंतर केस पाऊण किंवा अर्धी छटा गडदच दिसतात. जेवढे उजळ केस हवेत, त्याहून थोडे जास्त उजळ ब्लीचमध्येच झालेले असले पाहिजेत.

२. माझे केस टोनरसाठी तयार आहेत हे कसं ओळखू?

केस पूर्ण वाळवा आणि दिवसाच्या उजेडात खिडकीपाशी पाहा. ओले केस गडद दिसतात, आणि बाथरूमचा पिवळा दिवा पांढऱ्यालाही पिवळं दाखवतो. केसांचा उजळपणा १ (काळा) ते १० (अगदी फिकट) अशा लेव्हलमध्ये मोजतात.

लेव्हल १० म्हणजे केळ्याच्या सालीच्या आतल्या बाजूचा रंग. प्लॅटिनम किंवा रुपेरी छटा फक्त यावरच नीट बसते. लेव्हल ९ म्हणजे स्वच्छ पिवळा. यावर बेज किंवा मोतिया ब्लॉन्ड छान येतो. ८ म्हणजे सोनेरी, नारिंगीकडे किंचित झुकलेला पिवळा. ७ आणि त्याखाली नारिंगी. नारिंगी केसांवर प्लॅटिनमचा टोनर लावून काहीही साधत नाही, कितीही वेळ ठेवा. अशा केसांना गडद ब्लॉन्ड किंवा फिकट तपकिरी करणारा निळ्या बेसचा (म्हणजे मूळ छटा निळी असलेला) टोनर लावा, नाहीतर केसांना किमान दोन आठवडे विश्रांती देऊन, ते धडधाकट असतील तरच, पुन्हा ब्लीच करा.

३. जांभळा टोनर घेऊ की निळा?

पिवळ्याला जांभळा मारतो, नारिंगीला निळा, लालसरपणाला हिरवा. पिवळट-नारिंगीला निळा-जांभळा एकत्र लागतो. उदाहरणार्थ, वेला कंपनीच्या कलर चार्म मालिकेतला टी१८ जांभळ्या बेसचा, म्हणून फिकट पिवळ्यासाठी. टी१४ मध्ये जांभळ्यासोबत निळा आहे, तो थोड्या जास्त सोनेरी केसांसाठी. डब्यावरच्या मॉडेलचा फोटो पाहून टोनर निवडू नका. त्या फोटोतले केस आधी कोणत्या लेव्हलला होते हे तिथे दिसत नाही.

४. डब्यावर १०.१, ९/६ असे आकडे असतात. ते कसे वाचायचे?

टिंबाच्या किंवा तिरप्या रेघेच्या आधीचा आकडा म्हणजे लेव्हल, नंतरचा म्हणजे छटा. लेव्हल सगळीकडे जवळपास सारखी असते, छटेचे आकडे मात्र कंपनीगणिक बदलतात आणि इथे लोक हमखास फसतात. लॉरिआलच्या व्यावसायिक रंगांत .२ म्हणजे जांभळट छटा. वेलाच्या रंगांत /२ म्हणजे हिरवट मॅट, आणि जांभळ्यासाठी तिथे /६ असतो. ‘अ‍ॅश’ हा शब्दही असाच निसरडा आहे: कुठे त्याचा बेस निळा असतो, कुठे हिरवट, कुठे निळा-जांभळा. त्या कंपनीचा छटांचा तक्ता पाहिल्याशिवाय आकड्यावर विश्वास ठेवू नका. टोनरची लेव्हल तुमच्या केसांच्या लेव्हलइतकी किंवा एकाने वर असावी. लेव्हल १० च्या केसांवर ७ चा टोनर लावला तर ते सरळ गडद होतील.

५. डेव्हलपर किती व्हॉल्यूमचा वापरू?

डेव्हलपर म्हणजे टोनरमध्ये कालवायचं हायड्रोजन पेरॉक्साइडचं द्रव, व्हॉल्यूम म्हणजे त्याची तीव्रता. आधी टोनरच्या माहितीपत्रकात लिहिलेला. १० व्हॉल्यूम म्हणजे ३ टक्के हायड्रोजन पेरॉक्साइड, २० म्हणजे ६, ३० म्हणजे ९, ४० म्हणजे १२ टक्के. ब्लीच केलेल्या केसांना फक्त रंग धरायला लावायचा असतो, उजळवायचं नसतं, म्हणून बहुतेक डेमी-परमनंट (काही आठवड्यांत उतरणारे) टोनर १० व्हॉल्यूमवर किंवा त्याहून सौम्य १.५ ते १.९ टक्क्यांच्या डेव्हलपरवर चालतात. काही टोनर २० व्हॉल्यूमसाठीच बनवलेले असतात, कलर चार्म त्यातला. ३० किंवा ४० टोनिंगसाठी कधीच नाही. ब्लीचने आधीच सच्छिद्र झालेला केस त्याने आणखी पोखरला जातो आणि बसलेला रंग टिकत नाही.

६. प्रमाण काय, आणि किती मिश्रण लागेल?

बहुतेक टोनर १ भागाला २ भाग डेव्हलपर असे असतात, काही १:१ किंवा १:१.५. मोजताना स्वयंपाकघरातला डिजिटल काटा वापरा, चमच्याचा अंदाज नको. १:२ धरलं तर मानेपर्यंतच्या केसांना ३० ग्रॅम टोनर आणि ६० ग्रॅम डेव्हलपर, खांद्यापर्यंत ६० आणि १२०, लांब व दाट केसांना ९० आणि १८०. थोडं जास्तच करा. मिश्रण अर्ध्यात संपलं आणि दुसरं कालवायला दहा मिनिटं गेली, की पुढचे आणि मागचे केस वेगळे दिसतात. वाटी आणि ब्रश प्लास्टिकचे हवेत. धातूच्या वाटीत पेरॉक्साइड बिघडतं.

७. अ‍ॅलर्जीची चाचणी खरंच करायला हवी का? आधी केस रंगवलेत, काही झालं नाही.

हो, दर वेळी. डेव्हलपरसोबतच्या टोनरमध्ये पीपीडी (पॅरा-फेनिलीनडायअमाइन) किंवा टोल्युइन डायअमाइनसारखे रंग तयार करणारे घटक असतात, आणि त्यांची अ‍ॅलर्जी अनेक वेळा काही न होता वापरल्यानंतरही अचानक सुरू होऊ शकते. अंगावर काळ्या मेंदीचा टॅटू काढल्यावर कधी फोड आले असतील तर धोका मोठा आहे, कारण तिथेही बहुधा पीपीडीच असतं. अशांनी हे टोनर वापरूच नयेत. माहितीपत्रकात सांगितल्याप्रमाणे थोडंसं कानामागे किंवा कोपराच्या आतल्या बाजूला लावून ४८ तास थांबा. खाज, लाली, सूज आली तर तो टोनर बाजूला ठेवा. चेहरा सुजला किंवा श्वासाला त्रास झाला तर वाट न पाहता डॉक्टरांकडे जा. भुवया आणि पापण्यांना टोनर कधीच लावू नका.

८. सगळी कृती क्रमाने सांगाल का?

ब्लीच शाम्पूने पूर्ण धुवा. बोटांना बुळबुळीत लागत असेल तर ब्लीच अजून उरलंय, पुन्हा धुवा. कंडिशनर आत्ता लावू नका. त्याच्या थरामुळे रंग ठिकठिकाणी कमी-जास्त बसतो. केस टॉवेलने दाबून टिपा. पाणी ठिबकता कामा नये, पण केस दमट हवेत. फार ओल्या केसांत मिश्रण पातळ होऊन ओघळतं, अगदी कोरड्या केसांत रंग जागोजागी जोरात बसतो.

कपाळाच्या कडेला आणि कानांवर व्हॅसलिन लावा, हातमोजे घाला. केसांचे चार भाग करून प्लास्टिकच्या चिमट्यांनी बांधा. सगळं तयार झाल्यावरच मिश्रण कालवा, कारण कालवताक्षणी त्याचं घड्याळ सुरू होतं.

सुरुवात जिथे सर्वात जास्त पिवळं आहे तिथून करा, बहुधा डोक्याच्या मागच्या भागातून. एकेक सेंटीमीटर जाडीच्या बटा घेऊन दोन्ही बाजूंनी भरपूर लावा. टोकं शेवटी, ती सर्वात जुनी आणि सच्छिद्र असतात, त्यामुळे रंग झपाट्याने शोषतात. दहा मिनिटांच्या आत लावून संपवायचं. एकटीने जमत नसेल तर मागच्या बाजूसाठी कुणाची तरी मदत घ्या, त्याने फार फरक पडतो.

मग वेळ लावून थांबा (प्रश्न ९). रंग हवा तसा आला की कोमट पाण्याने पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवा. माहितीपत्रकात वेगळं लिहिलं नसेल तर लगेच शाम्पू नको. आम्लधर्मी कंडिशनर किंवा मास्क पाच मिनिटं लावून धुवा. पुढचे दोन-तीन दिवस शाम्पू टाळा.

९. मिश्रण डोक्यावर गर्द जांभळं झालंय! धुऊन टाकू का?

घाबरू नका, पण नजर हटवूही नका. वाटीतला आणि केसांवरचा लेप हवेने गडद होतो. केसाच्या आत काय चाललंय ते त्यावरून कळत नाही. दर पाच मिनिटांनी, आणि शेवटी दर दोन मिनिटांनी, एक बट टिश्यूने स्वच्छ पुसा आणि पांढऱ्या कागदावर धरून पाहा. ती अजून पिवळी असेल तर थांबा. पिवळेपणा जाऊन पांढरट-बेज दिसली तर धुवा. किंचित जांभळट झाक दिसत असेल तरी चालेल, पहिल्या एक-दोन धुण्यांत ती जाते.

लेव्हल १० चे सच्छिद्र केस पाच ते दहा मिनिटांत पुरे होऊ शकतात, लेव्हल ८ चे पंचवीस-तीस मिनिटं घेतात. माहितीपत्रकातली कमाल वेळ ओलांडून उपयोग नाही. तोवर पेरॉक्साइडचं काम संपलेलं असतं.

१०. ब्लीचच्या दिवशीच टोनर लावला तर चालतो का?

टाळू चुरचुरत नसेल आणि केस शाबूत असतील तर चालतो. नेहमीची पद्धतही तीच. टाळू लाल झाली असेल, फोड किंवा खपल्या असतील तर ती बरी होईपर्यंत थांबा. दरम्यान पिवळेपणा सहन होत नसेल तर प्रश्न १८ मधली सौम्य पद्धत टाळूला न लागता फक्त लांबीवर वापरा.

११. केस हिरवट का झाले?

बहुतेक वेळा पिवळ्या केसांवर निळ्या बेसचा अ‍ॅश टोनर लावल्यामुळे. निळा अधिक पिवळा म्हणजे हिरवा, शाळेतल्या रंगपेटीतलं गणित. उपाय म्हणजे थोडा लाल: गुलाबी किंवा तांबूस रंगाचा थेट बसणारा (डेव्हलपर न मिसळता लावायचा) रंग पांढऱ्या कंडिशनरमध्ये अगदी फिका करून, ओल्या केसांवर दोन-तीन मिनिटं ठेवा आणि दर मिनिटाला तपासा. जास्त राहिला तर केस पीच रंगाचे होतील.

पोहायला गेल्यानंतर आलेला हिरवेपणा वेगळा. तो क्लोरीनचा नसून पाण्यातल्या तांब्याचा असतो. क्लोरीन त्याला ऑक्सिडाइज करतं आणि ते केसाला चिकटतं. त्याला लाल रंगाने झाकू नका, चिलेटिंग शाम्पू, म्हणजे धातू धरून काढणारा, ईडीटीए असलेला शाम्पू वापरा. तलावात उतरण्याआधी केस साध्या पाण्याने भिजवून कंडिशनर लावला तर सच्छिद्र केस तलावाचं पाणी कमी पितात.

१२. केस राखाडी किंवा जांभळे झाले. आता?

ही चूक सर्वात सोपी सुटते. क्लॅरिफायिंग (केसांवर साचलेला थर काढणाऱ्या) किंवा कोंड्याच्या शाम्पूने कोमट पाण्यात दोनदा धुवा, प्रत्येक वेळी फेस तीन मिनिटं ठेवा, नंतर भरपूर कंडिशनर. बहुतेक जादा छटा दोन-तीन दिवसांत उतरते. ती काढायला पुन्हा ब्लीच करू नका. चार दिवसांत आपोआप जाणाऱ्या गोष्टीसाठी केसांची कायमची हानी होते. टोकंच तेवढी राखाडी झाली असतील तर पुढच्या वेळी तिथे टोनर शेवटच्या तीन-चार मिनिटांतच लावा.

१३. पूर्ण अर्धा तास ठेवला, काहीच फरक नाही. का?

कारणं शक्यतेच्या क्रमाने: केस अजून नारिंगी आहेत (प्रश्न २), बेस चुकला (प्रश्न ३), केसांतून पाणी ठिबकत होतं, कंडिशनर किंवा तेलाचा थर होता, मिश्रण अपुरं, पातळ लावलं गेलं, किंवा डेव्हलपर जुना होता. बाटली उघडून महिनोन् महिने झाले, झाकण सैल राहिलं, उन्हात राहिली, तर पेरॉक्साइड मोडून त्याचं पाणी आणि ऑक्सिजन होतो, आणि पेरॉक्साइडशिवाय टोनरचा रंग तयारच होत नाही. त्याच दिवशी दुसऱ्यांदा लावू नका. आठवडाभर थांबा.

१४. मुळांशी फिकट, मध्ये नारिंगी, टोकं पांढरी. एकच टोनर चालेल का?

नाही, आणि हे घरच्या ब्लीचमध्ये फार होतं. टाळूच्या उष्णतेने मुळांपाशी ब्लीच जोरात चालतं, मधला भाग मागे राहतो. एकच जांभळा टोनर लावला तर मुळं रुपेरी, मध्य तसाच नारिंगी आणि टोकं राखाडी होतील. शक्य असेल तर आधी फक्त मधल्या पट्ट्यावर ब्लीच करून तो मुळांच्या बरोबरीला आणा. ते शक्य नसेल तर दोन वाट्या करा: मधल्या भागासाठी निळ्या-जांभळ्या बेसचा, एका लेव्हलने गडद टोनर आधी लावा, दहा मिनिटांनी मुळांना जांभळा, टोकांना अगदी शेवटी. तरीही एकसारखं प्लॅटिनम मिळणार नाही. वरून फिकट, खाली किंचित गडद असं दिसेल, आणि ते डाग-डाग दिसण्यापेक्षा कितीतरी बरं.

१५. ब्लीच न केलेल्या मुळांना टोनर लागला आणि ती तांबूस झाली.

२० व्हॉल्यूमचा अल्कधर्मी टोनर नैसर्गिक केस किंचित उजळवतो आणि आतला लालसरपणा उघडा पडतो. मूळ रंगाच्या लेव्हलचा अ‍ॅश डेमी-परमनंट १० व्हॉल्यूमहून सौम्य डेव्हलपरसोबत फक्त तेवढ्या पट्ट्यावर लावला की तो झाकला जातो. पुढे उगवलेली मुळं सोडूनच टोनर लावा, किंवा पेरॉक्साइड कमी असलेला आम्लधर्मी टोनर निवडा. तो नैसर्गिक रंगाला फारसा हात लावत नाही.

१६. नुसत्या जांभळ्या शाम्पूने भागणार नाही का?

लेव्हल ९-१० च्या केसांवरचा हलका पिवळेपणा त्याने जातो. ८ च्या खाली तो अपुरा, नारिंगीवर निरुपयोगी (तिथे निळा शाम्पू थोडीफार मदत करतो). त्यातला रंग केसाच्या बाहेरच बसतो, टोनरसारखा आत तयार होत नाही. म्हणून टोनिंग एकदा, आणि त्यानंतर आठवड्यातून एकदा जांभळा शाम्पू दोन ते पाच मिनिटं, हा जोड चांगला. रोज वापरलात तर केस निस्तेज, मळकट दिसू लागतात, आणि लोकांना वाटतं पिवळेपणा परत आला. कोरड्या केसांवर थेट लावू नका, जांभळे डाग पडतात.

१७. टोनर किती दिवस टिकतो? माझा दहा दिवसांत उतरला.

साधारण चार ते सहा आठवडे. लवकर उतरण्याची कारणं: रोज शाम्पू, गरम पाणी, वेळेआधी धुतलेला टोनर, लोह असलेलं जड पाणी, कडक ऊन आणि इस्त्री. फ्लॅट आयर्न १८० अंश सेल्सिअसच्या वर नेला तर एका फेरीत टोनर फिका पडतो आणि केसातलं प्रथिनही पिवळं पडतं, तेही उष्णतारोधक स्प्रे न लावता केलं तर अधिकच. आठवड्यातून दोनदा कोमट पाण्याने सौम्य शाम्पू, आणि पाणी जड असेल तर महिन्यातून एकदा चिलेटिंग शाम्पू. पुन्हा टोनिंग चार आठवड्यांच्या आत नको.

१८. केस ओले असताना रबरासारखे ताणतात. टोनर लावू?

डेव्हलपर असलेला मुळीच नाही. एक ओली बट हलकेच ओढून पाहा: थोडी ताणून परत मूळ जागी आली तर ठीक. ताणतच गेली, चिकट लागली किंवा तुटली तर केसाचे आतले बंध तुटलेले आहेत, आणि आता कुठलंही पेरॉक्साइड केस गळून पडण्याचं निमित्त ठरेल.

अशा वेळी पेरॉक्साइडशिवायची पद्धत: १०० ग्रॅम पांढरा कंडिशनर घ्या, त्यात जांभळा थेट बसणारा रंग वाटाण्याएवढा घाला आणि नीट फेटा. मिश्रण फिकट लव्हेंडर दिसायला हवं. गडद झालं तर कंडिशनर वाढवा. एका लपलेल्या बटेवर पाहून मग ओल्या केसांवर दहा ते पंधरा मिनिटं ठेवून धुवा. आठ-दहा धुण्यांत तो जाईल, पण केस वाचतील.

१९. कपड्यांची नीळ, व्हिनेगर किंवा खाण्याचा रंग वापरला तर?

तत्त्व सारखं म्हणून वस्तूही तीच चालेल असं नाही. नीळ पूड निळी असते, जांभळी नाही, आणि ती पाण्यात विरघळत नाही. केसांवर ठिपके राहतात आणि पिवळ्यावर हिरवट दिसतात. कपड्यांच्या द्रवनिळीतले रंग टाळूसाठी बनवलेले नसतात. व्हिनेगर केसाचा पृष्ठभाग गुळगुळीत करतो, त्यात रंगच नाही, त्यामुळे त्याने टोनिंग होत नाही. खाण्याचा रंग सच्छिद्र जागी पक्का बसतो आणि इतरत्र धुऊन जातो.

२०. आधी मेंदी लावायचे. काही अडचण?

शुद्ध मेंदीचा नारिंगी रंग केसातल्या प्रथिनाला घट्ट धरून बसतो, ब्लीचने पूर्ण निघत नाही आणि टोनरने फार तर तपकिरी होतो. मेंदीत नीळ वनस्पतीची पूड मिसळलेली असेल तर ब्लीचनंतर केस हिरवट होऊ शकतात. तो हिरवेपणा जांभळ्याने जात नाही. सर्वात धोकादायक ती धातूंचे क्षार मिसळलेली तयार मेंदी. पेरॉक्साइडशी त्यांची प्रतिक्रिया होऊन केस तापतात, वितळतातही. विंचरताना निघालेले थोडे केस प्लास्टिकच्या वाटीत टोनर-डेव्हलपरच्या मिश्रणात अर्धा तास बुडवून ठेवा. वाटी गरम लागली, बुडबुडे आले किंवा केस विचित्र रंगाचे झाले तर डोक्याला काही लावू नका. तो भाग वाढून कापला जाईपर्यंत थांबणं हाच मार्ग.

२१. ब्लीच केलं नाही, पण माझे पिकलेले केस पिवळट दिसतात.

त्यात मेलॅनिन नसतं. पिवळेपणा बहुधा ऊन, उष्णता, धूर, तेल किंवा पाण्यातल्या खनिजांचा. आधी चिलेटिंग शाम्पू, मग महिन्यातून दोन-तीनदा जांभळा शाम्पू एक-दोन मिनिटं. एवढं पुरतं. डेव्हलपरचा टोनर इथे सहसा लागत नाही.

२२. उरलेलं मिश्रण पुढच्या वेळी वापरता येईल?

नाही. कालवल्यापासून तासाभरात त्यातला रंग पूर्ण तयार होऊन जातो, मग तो केसात शिरू शकत नाही. बंद बाटलीत तर मुळीच भरून ठेवू नका, सुटणाऱ्या वायूने ती फुटू शकते. भरपूर पाण्याबरोबर ओतून द्या. न कालवलेली टोनरची बाटली झाकण घट्ट लावून, उघडल्याची तारीख लिहून, अंधाऱ्या जागी ठेवा; आतलं द्रव काळपट पडलं असेल तर ती टाकून द्या.